सोयाबीनच्या पट्टीतून पेन्शन: निवृत्तीची तयारी पहिल्यापासून

निवृत्तीसाठी दरमहा अमुक इतके भरा, हा सल्ला महिन्याच्या एक तारखेला पगार जमा होणाऱ्या माणसाला धरून दिलेला असतो. वाळूजच्या कंपनीत कायम झालेल्या कामगाराला तो लागू पडतो. लातूर जिल्ह्यातल्या औशात आठ एकर सोयाबीन करणाऱ्याच्या हातात पैसा येतो तो दिवाळीच्या आगेमागे. कापूस असेल तर संक्रांतीपर्यंत थोडा थोडा, आणि ऊस असेल तर कारखाना बिल काढेल तेव्हा. अशा माणसाने दरमहा पाच हजारांची एसआयपी, म्हणजे म्युच्युअल फंडाचा ठरलेला हप्ता, लावली की जूनमध्ये, ऐन पेरणीत, खातं रिकामं असतं. हप्ता परत जातो, बँक दंड कापते आणि सलग तीन हप्ते चुकले की मासिक एसआयपी बंदच पडते. मग ‘हे आपल्यासारख्याचं काम नाही’ म्हणून विषय मिटतो. खरं तर हप्ता चुकीच्या महिन्याला बांधलेला असतो, एवढंच.

म्हणून पुढचं सगळं दोन्ही प्रकारच्या माणसांसाठी आहे: पगारवाल्यांसाठी आणि मोंढ्यात माल घालून पट्टी, म्हणजे विक्रीचे पैसे, हातात आल्यावर वर्षाचा हिशेब करणाऱ्यांसाठी.

आधी खर्च, मग बचत

किती साठवायचं हे ठरवण्याआधी म्हातारपणी महिन्याला किती लागेल ते काढावं लागतं. त्यासाठी मागच्या बारा महिन्यांचा खर्च लिहा. तीन महिन्यांचा लिहिला तर दिवाळी, लग्नसराईतले आहेर आणि शाळेच्या फिया सुटून जातात. शेतकऱ्याने इथे एक काळजी घ्यायची. बी, खत, फवारणी, मजुरी हा शेतीचा खर्च वेगळ्या पानावर. त्याची वजाबाकी शेतीच्या उत्पन्नातून होते. घरखर्चात तो मिसळला की आकडा फुगतो आणि माणूस घाबरून कागद बाजूला ठेवतो.

उलट चूकही तितकीच होते. घरची ज्वारी, घरची तूरडाळ, दावणीचं दूध यांचे पैसे कोणी मोजत नाही. पण पासष्टीत शेत ठोक्याने, म्हणजे वर्षाच्या ठरलेल्या रकमेवर, कसायला दिलं आणि म्हैस विकली की हे सगळं विकत घ्यावं लागतं. तेव्हा वर्षाला लागणारी ज्वारी, गहू, डाळ, दूध आजच्या बाजारभावाने मोजून खर्चात धरा.

आता या बेरजेतून मुलांची फी, घराचा आणि गाडीचा हप्ता काढून टाका. साठीनंतर ते नसावेत. औषधपाण्याचा आकडा मात्र दुप्पट करा.

उदाहरण घेऊ. वय ३५, नवरा-बायको, हा सगळा हिशेब करून आजच्या भावात महिना १८,००० रुपये. म्हणजे वर्षाला २ लाख १६ हजार. समजा चार एकर शेत आहे आणि ते पुढे एकरी १५,००० रुपये ठोक्याने जाईल. ते ६०,००० वजा केले की १ लाख ५६ हजार उरतात. साठीनंतर २५ वर्षं काढायची आणि ठेवीवरचं व्याज महागाईपेक्षा जेमतेम १ टक्का जास्त मिळेल असं धरलं, तर वर्षाच्या गरजेच्या २२ पट रक्कम हाताशी लागते. १,५६,००० गुणिले २२, म्हणजे सुमारे ३४ लाख ३० हजार.

हे आजच्या रुपयातले ३४ लाख आहेत. ६ टक्के महागाईने २५ वर्षांत खर्च ४.३ पट होतो, त्यामुळे त्या वेळचा प्रत्यक्ष आकडा दीड कोटीच्या जवळ जाईल. दीड कोटी ऐकून छातीत धस्स होतं, म्हणून हिशेब आजच्या रुपयातच ठेवावा. बचतीवर महागाईपेक्षा साडेतीन टक्के जास्त परतावा धरला तर या कुटुंबाला महिना साधारण ७,२०० रुपये बाजूला टाकावे लागतात, आणि दरवर्षी ते ६ टक्क्यांनी वाढवावे लागतात. यावर्षी ७,२००, पुढच्या वर्षी ७,६००, असं. वाढ विसरली की सगळा हिशेब ढासळतो. पंधरा वर्षं तोच हप्ता भरत राहणं ही चूक फार ठिकाणी दिसते.

नोकरी असेल तर या ७,२०० मध्ये पीएफ (भविष्य निर्वाह निधी) धरलेला आहे. मूळ पगार आणि महागाई भत्ता मिळून १५,००० असेल तर कामगाराचे १,८०० आणि मालकाच्या हिश्शातले ५५० असे २,३५० आधीच जमा होत असतात. मग उरलेले ४,८५० आपण बघायचे.

पेन्शनचा आकडा आजच्या भावात वाचायला शिका

‘साठीनंतर महिना ५,००० रुपये’ हे वाक्य ऐकायला छान वाटतं. पंचवीस वर्षांचा मुलगा अटल पेन्शन योजनेत नाव घालतो, तेव्हा त्याच्या साठीला ३५ वर्षं असतात. ६ टक्के महागाईने त्या ५,००० ची किंमत आजच्या ६५० रुपयांइतकी उरते. गॅसच्या एका टाकीलाही ते पुरायचे नाहीत.

म्हणून योजना टाकाऊ ठरत नाही. २५ व्या वर्षी तिचा हप्ता ३७६ रुपये आहे, हमी केंद्र सरकारची आहे, माणूस गेल्यावर तीच पेन्शन जोडीदाराला मिळते आणि दोघांच्या पश्चात ५,००० च्या योजनेत वारसाला साडेआठ लाख मिळतात. फक्त तिला पाया समजायचं, घर समजायचं नाही. नवरा-बायकोने दोन वेगळी खाती काढावीत. १८ ते ४० वर्षं वयात बँकेत किंवा पोस्टात नाव नोंदवता येतं. ऑक्टोबर २०२२ पासून प्राप्तिकर भरणाऱ्यांना नव्याने घेत नाहीत.

हप्ता मासिक, तिमाही किंवा सहामाही लावता येतो आणि हीच गोष्ट मराठवाड्यातल्या लोकांना कोणी सांगत नाही. ऊसतोडीला जाणारं कुटुंब असेल तर सहामाही हप्ता घ्या आणि खातं अशा वेळी उघडा की उचल किंवा हिशेब हातात आल्यावर हप्ता पडेल. वयाच्या तिसाव्या वर्षी ५,००० च्या पेन्शनसाठी मासिक हप्ता ५७७ आहे, सहामाही सुमारे ३,४००.

दोन हेक्टरपर्यंत जमीन असलेल्या १८ ते ४० वयाच्या शेतकऱ्यासाठी प्रधानमंत्री किसान मानधन योजनाही आहे. वयानुसार महिना ५५ ते २०० रुपये, तेवढेच सरकारचे, आणि साठीनंतर महिना ३,०००. हप्ता पीएम किसानच्या पैशातून वळता करून घेता येतो.

बचतीआधीची तीन कामं

सावकाराचं कर्ज असेल तर आधी ते. शेकडा तीन रुपये म्हणजे वर्षाला ३६ टक्के. जगातली कोणतीही सरळ गुंतवणूक एवढं देत नाही. पीककर्जाचं उलट आहे. वेळेत फेडलं तर सवलतीमुळे ते सगळ्यात स्वस्त पडतं, त्यामुळे ते फेडायला म्हातारपणाची पुंजी मोडू नका, पण तारीखही चुकवू नका, कारण चुकली की सवलत जाते.

दुसरं, अडीअडचणीचा पैसा. पगारवाल्याला सहा महिन्यांचा खर्च पुरतो. कोरडवाहू शेतकऱ्याला पूर्ण एका वर्षाचा लागतो, कारण इथे नुसता हप्ता चुकत नाही, हंगाम चुकतो. २०१६ च्या एप्रिलात लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं. अशा वर्षी ज्यांच्याकडे हा पैसा नव्हता त्यांनी पॉलिसी मोडल्या, सोनं ठेवलं, जनावरं पडत्या भावात विकली. हा पैसा राष्ट्रीयीकृत बँकेच्या मुदत ठेवीत, ५०-५० हजारांच्या तुकड्यांत ठेवा. मोडायची वेळ आली तर एक तुकडा मोडतो, बाकीचं व्याज शाबूत राहतं.

तिसरं, विमा. घरातला कमावता माणूस गेला तर निवृत्तीचा बेत तिथेच संपतो. वर्षाच्या उत्पन्नाच्या दहा-पंधरा पट रकमेचा निव्वळ मुदतीचा विमा घ्या, ज्यात शेवटी काहीच परत मिळत नाही. शेतकऱ्याची अडचण अशी की कंपनी उत्पन्नाचा पुरावा मागते. शेतीचं उत्पन्न करमुक्त असलं तरी विवरणपत्र भरता येतं. दोन-तीन वर्षं ते भरलेलं असलं की काम सोपं जातं. ज्यांना तेवढंही जमत नाही त्यांनी बँकेत ४३६ रुपयांचा जीवनज्योती आणि २० रुपयांचा सुरक्षा विमा तरी लावावा. दोन्हींचं संरक्षण दोन-दोन लाखांचं, पहिला कोणत्याही कारणाने आलेल्या मृत्यूसाठी, दुसरा अपघातासाठी. यांचे पैसे मे महिन्याच्या शेवटी कापले जातात, म्हणजे नेमके बियाणं घेऊन खातं रिकामं झालेलं असतं तेव्हा. खात्यात ५०० रुपये मुद्दाम मागे ठेवा.

आजारपणासाठी महात्मा फुले जनआरोग्य योजनेत कुटुंबाला वर्षाला ५ लाखांपर्यंत उपचार आहेत, आणि सत्तरी ओलांडलेल्यांना आयुष्मान वय वंदना कार्डावर उत्पन्नाची अट न लावता वेगळे ५ लाख. पण उपचार यादीतल्या रुग्णालयात आणि यादीतल्या आजारासाठीच असतात. जमलं तर पंचेचाळिशीच्या आत स्वतःची आरोग्य पॉलिसी घ्या. शुगर-बीपी लागल्यावर ती महाग पडते किंवा मिळतच नाही.

पीएफ: पैसा आहे, पण नाव जुळत नाही

पीएफवर २०२४-२५ साठी ८.२५ टक्के व्याज मिळालं. एवढ्या सुरक्षित ठिकाणी इतकं व्याज क्वचित मिळतं. तरीही ठेकेदारामार्फत लागलेली पोरं नोकरी बदलली की पहिलं काम पीएफ काढायचं करतात. त्यात दोन तोटे आहेत. चक्रवाढ तुटते हे दिसतं. न दिसणारा तोटा पेन्शनचा.

मालकाच्या १२ टक्क्यांपैकी ८.३३ टक्के, जास्तीत जास्त १,२५० रुपये, पेन्शन योजनेत जातात. ही पेन्शन मिळायला एकूण १० वर्षांची सेवा लागते. सूत्र सोपं आहे: पेन्शनपात्र पगार गुणिले सेवेची वर्षं भागिले ७०. सध्या पगाराची मर्यादा १५,००० धरतात. १५ वर्षं सेवा झाली तर ३,२१४ रुपये. ३० वर्षं झाली तर २ वर्षं जादा धरून ६,८५७. सहा वर्षांनी नोकरी सोडून फॉर्म १०-सी भरून पेन्शनचे पैसे काढून घेतले की ती सहा वर्षं पुसली जातात. त्याच फॉर्मवर पैशाऐवजी योजना प्रमाणपत्र मागता येतं. ते घेतलं की सेवा शिल्लक राहते आणि पुढच्या नोकरीत जोडली जाते. ५८ च्या आधी पेन्शन सुरू केली तर दर वर्षामागे ४ टक्के कमी मिळते.

१ सप्टेंबर २०१४ नंतर पहिल्यांदाच नोकरीला लागलेल्या आणि तेव्हाच मूळ पगार १५,००० च्या वर असलेल्यांना ही पेन्शन लागू नाही. त्यांचा मालकाचा सगळा हिस्सा पीएफमध्येच जातो. आपलं काय आहे ते पासबुकात पेन्शनच्या रकान्यात बघून घ्या.

दर तीन महिन्यांनी उमंग ॲपवर पासबुक उघडून बघायचं. पगारातून कापलेले पैसे ठेकेदाराने भरलेच नाहीत, हे वेळेत कळलं तर पीएफ कार्यालयात तक्रार करता येते. कंपनी बंद पडल्यावर कळलं तर पायपीटच.

सगळ्यात जास्त दावे अडतात ते नावात आणि जन्मतारखेत. आधारवर ‘नाव-वडिलांचं नाव-आडनाव’, पॅनवर आडनाव आधी, पीएफमध्ये मधलं नावच नाही. लग्नानंतर नाव बदललेल्या बायकांचा गोंधळ तर विचारूच नका. जन्मतारखेचं तर आपल्याकडे खासच: शाळेत नाव घालताना मास्तरांनी लावलेली १ जून, आणि आधार काढताना कागद नसल्याने पडलेली १ जानेवारी. अर्ध्या गावाचा वाढदिवस एका दिवशी येतो तो असा. हे पन्नाशीच्या आत मिटवा. शाळा सोडल्याचा दाखला प्रमाण धरून आधी आधार दुरुस्त करा, त्यावरून पॅन, मग बँक, शेवटी पीएफ. क्रम उलटा केला की प्रत्येक ठिकाणी पुन्हा खेटे घालावे लागतात.

राज्य सरकारच्या सेवेत १ नोव्हेंबर २००५ किंवा नंतर लागलेल्यांनी आपल्या प्राण क्रमांकावर, म्हणजे राष्ट्रीय पेन्शन योजनेच्या खात्यावर, दरमहा आपला आणि सरकारचा असे दोन्ही हिस्से जमा होतात का ते बघावं. बाकी त्यांचं काम इतरांपेक्षा सोपं आहे.

ज्यांना पीएफ नाही त्यांचा पीएफ

शेतकरी, दुकानदार, खासगी शिकवणीवाले, ड्रायव्हर, सगळ्यांसाठी पीपीएफ, म्हणजे सार्वजनिक भविष्य निर्वाह निधी. पोस्टात किंवा बँकेत उघडतो, मुदत १५ वर्षं, व्याज एप्रिल २०२० पासून ७.१ टक्के, करमुक्त. वर्षाला किमान ५०० आणि जास्तीत जास्त दीड लाख. मराठवाड्यासाठी याहून सोयीचं खातं नाही, कारण हप्ता ठरलेला नसतो. पिकलं त्या वर्षी दीड लाख भरा, दुष्काळात ५०० भरून खातं जिवंत ठेवा. ५०० ही चुकले तर खातं बंद पडतं, पण वर्षाला ५० रुपये दंड आणि राहिलेले ५०० भरून ते परत सुरू होतं. आणखी एक गुण: कर्जाच्या वसुलीसाठी या खात्यावर कोर्टाची जप्ती येत नाही.

पैसे भरायची तारीख पाळा. महिन्याच्या ५ तारखेनंतरची सर्वात कमी शिल्लक धरून व्याज मोजतात. एक लाख ६ तारखेला भरले तर त्या महिन्याचे ५९२ रुपये गेले. चेकने भरत असाल तर तो ५ तारखेच्या आत वटलेला हवा. पंधरा वर्षं दरवर्षी एक लाख एप्रिलच्या सुरुवातीला भरले तर ७.१ टक्क्यांनी २७ लाख १२ हजार होतात. सोयाबीन विकून नोव्हेंबरच्या ५ तारखेआत भरले तर साधारण २६ लाख. फरक एवढाच. तेव्हा ‘एप्रिलला नव्हते म्हणून भरले नाहीत’ ही सबब चालत नाही.

पंधरा वर्षं झाली की पैसे उचलून ट्रॅक्टर घ्यायचा मोह होतो. खातं पाच-पाच वर्षांनी वाढवता येतं. पैसे भरत राहायचे असतील तर मुदत संपल्यापासून एका वर्षाच्या आत वाढीचा अर्ज द्यावा लागतो. तो राहिला तर आहे त्या रकमेवर व्याज मिळतं, नवीन भरता येत नाही.

थोडा पैसा बाजारात हवाच

सगळी पुंजी ७-८ टक्क्यांवर ठेवली तर महागाईला जेमतेम गाठता येतं. म्हणून हिशेबात साडेतीन टक्के वरचे धरले आहेत आणि ते शेअर बाजाराशिवाय येत नाहीत. नवख्याने निफ्टी ५० चा एक इंडेक्स फंड (देशातल्या पन्नास मोठ्या कंपन्यांचे शेअर ठरलेल्या प्रमाणात घेणारा फंड) घ्यावा, डायरेक्ट प्लॅनमध्ये. दलालामार्फतच्या रेग्युलर प्लॅनचा खर्च जास्त असतो आणि तो दरवर्षी आपल्याच पैशातून जातो. एक फंड पुरतो. दहा फंड घेतलेल्या माणसाकडे बहुतेक वेळा त्याच पन्नास कंपन्या दहा वेळा असतात.

१० टक्के परताव्याने महिना १,००० रुपयांचे १० वर्षांत २ लाख ५ हजार होतात, २० वर्षांत ७ लाख ६० हजार, ३० वर्षांत २२ लाख ६० हजार. हा परतावा सरळ रेषेत येत नाही. २००८ मध्ये बाजार निम्म्याहून जास्त पडला, मार्च २०२० मध्ये काही आठवड्यांत एक तृतीयांशाहून जास्त. दोन्ही वेळा ज्यांनी घाबरून विकलं त्यांचंच नुकसान पक्कं झालं. म्हणून येत्या सात वर्षांत लागणारा पैसा इथे टाकू नका. पस्तिशीत बचतीचा ६० टक्के भाग इथे चालतो, पन्नाशीत ४०, साठीत २५-३०.

हंगामी पैशासाठी रीत वेगळी. आडतीवरची पट्टी हातात आली की त्यातला ठरलेला वाटा त्याच आठवड्यात लिक्विड फंडात (अगदी थोड्या मुदतीच्या कर्जरोख्यांत पैसा ठेवणाऱ्या फंडात) टाका आणि तिथून इंडेक्स फंडात दरमहा वळती लावा. याला एसटीपी म्हणतात. खात्यात शिल्लक आहे की नाही याची चिंता राहत नाही, आणि बाजार चढा असताना सगळे पैसे एकदम टाकले असंही होत नाही. वाटा किती? पट्टीतून पीककर्ज, दुकानाची उधारी आणि पुढच्या पेरणीची तजवीज वजा करून उरेल त्याच्या चौथ्या हिश्शाने सुरुवात करा. हरभऱ्याचे पैसे फेब्रुवारी-मार्चमध्ये येतात. ते पीपीएफला, ३१ मार्चच्या आत.

दुकानदाराला रोजच्या गल्ल्यातून पिग्मी सोयीची पडते, कारण एजंट दारात येतो. चालू द्या, पण पिग्मीला घागर समजा, विहीर समजू नका. दर तीन महिन्यांनी जमलेले पैसे काढून पीपीएफ किंवा फंडात टाका.

पंचेचाळिशीत जाग आली तर? महिना १०,००० रुपये, १५ वर्षं, ९ टक्के धरले तर ३८ लाखांच्या आसपास होतात. आजच्या भावात ते सुमारे १६ लाख. तेव्हा अशा माणसाने काम ६३-६५ पर्यंत चालवायचा बेत करावा आणि कर्जमुक्त घर आधी करावं. जास्त परताव्याच्या मागे लागून उशीर भरून निघत नाही, उलट खड्डा पडतो.

इथे पैसे बुडतात

मल्टिस्टेट (एकाहून जास्त राज्यांत चालणाऱ्या सहकारी संस्था) आणि पतसंस्था. गेल्या काही वर्षांत बीडपासून छत्रपती संभाजीनगरपर्यंत हजारो ठेवीदार कुलूप लागलेल्या शाखांपुढे उभे राहिले. त्यात निवृत्त शिक्षकांच्या ग्रॅच्युइटीचे आणि जमिनीच्या मोबदल्याचे पैसे होते. बँकेतल्या ठेवीला, मग ती सहकारी का असेना, दर ठेवीदारामागे प्रत्येक बँकेत ५ लाखांपर्यंत ठेव विमा आहे. पतसंस्था आणि मल्टिस्टेट पतसंस्था या बँका नाहीत. त्यांना तो विमा नाही. पाटीवर ‘बँक’ शब्द आहे का, आणि रिझर्व्ह बँकेचा परवाना आहे का, एवढे दोन प्रश्न विचारा. राष्ट्रीयीकृत बँक ७ टक्के देत असताना कोणी १२-१३ देत असेल, तर ते पैसे तो १६-१८ ने कर्ज देऊन कमावणार, आणि एवढ्या व्याजाने कर्ज घेणाऱ्याला बँकेने आधीच नाकारलेलं असतं. शाखेचा मॅनेजर आपल्या गावचा आहे, संचालक ओळखीचे आहेत, ही हमी नव्हे.

प्लॉट हा दुसरा खड्डा. गुंठेवारीतला, एनए (बिगरशेती) न झालेला, दहा जणांच्या सामाईक सातबाऱ्यावरचा प्लॉट म्हातारपणी विकायला जाल तेव्हा गिऱ्हाईक मिळत नाही, मिळालं तर पडून मागतं. आणि दवाखान्यासाठी दोन लाख लागले तर प्लॉटचा कोपरा तोडून विकता येत नाही.

पैसे परत देणाऱ्या विमा पॉलिसीत साधारण ५-६ टक्के पडतात, मध्येच सोडली तर भरलेलेही पूर्ण मिळत नाहीत. मार्चमध्ये ‘कर वाचवायला’ ती घेणाऱ्यांनी हेही बघावं की २०२५-२६ पासून नव्या करप्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या साध्या उत्पन्नावर करच लागत नाही, आणि त्या प्रणालीत विमा-बचतीवरची ८०-सी ची वजावटही नाही.

साठी गाठल्यावर

हातात आलेली रक्कम पहिले तीन महिने बँकेतच ठेवा आणि कोणाला सांगू नका. नातेवाइकांची निकड नेमकी त्याच महिन्यात निघते.

मग ज्येष्ठ नागरिक बचत योजना. व्याज ८.२ टक्के, दर तीन महिन्यांनी खात्यात. एका व्यक्तीला ३० लाखांपर्यंत, नवरा-बायको दोघांची वेगळी खाती चालतात. १० लाखांवर तिमाही २०,५०० येतात. मुदत ५ वर्षं, पुढे वाढवता येते. शिवाय पोस्टाची मासिक प्राप्ती योजना, ७.४ टक्के, एकट्याला ९ लाख आणि संयुक्त खात्यात १५ लाखांपर्यंत. हे व्याजदर २०२५ मधले आहेत. सरकार दर तिमाहीला ते नव्याने जाहीर करतं, पैसे टाकायच्या दिवशीचा दर विचारून घ्या. सगळं व्याज खर्च करू नका, कारण व्याज तेवढंच राहतं आणि डाळीचा भाव वाढतो. पाचव्या हिश्शाइतकं व्याज परत साठवा आणि इंडेक्स फंडातला पैसा शक्य तितका उशिरा हात लावायला ठेवा.

जमिनीचं काम जपून करा. पोरांनी वाटणी मागितली म्हणून सगळी जमीन बक्षीसपत्राने त्यांच्या नावे करून देणं ही या भागातली सगळ्यात महाग चूक आहे. त्यापेक्षा मृत्युपत्र करा. साध्या कागदावर, दोन साक्षीदारांच्या सह्यांनी ते होतं. मुद्रांक लागत नाही, नोंदणी सक्तीची नाही, तरी केलेली बरी. जमीन हयातीतच द्यायची असेल तर ‘आमचा सांभाळ करण्याच्या अटीवर’ हे शब्द बक्षीसपत्रात लिहून घ्या. २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याच्या कलम २३ प्रमाणे ही अट मोडली तर प्रांत अधिकाऱ्यांपुढच्या न्यायाधिकरणात दस्त रद्द करून घेता येतो. अट लिहिलेली नसेल तर भांडण अवघड होतं. आणि निदान ठोक्याचं उत्पन्न देणारा दोन-तीन एकरांचा तुकडा तरी दोघंही जाईपर्यंत स्वतःच्या नावावर राहू द्या.

प्रत्येक खात्याला नॉमिनी लावलेला आहे ना, ते एकदा बसून बघा. पीएफचं ई-नॉमिनेशन वेगळं करावं लागतं. लग्नाआधी लावलेलं आईचं नाव वीस वर्षं तसंच असतं. खाती, पॉलिसी, ठेवी यांची यादी एका वहीत लिहून ती वही कुठे आहे हे बायकोला सांगा. पेन्शन सुरू झाली की वर्षातून एकदा हयातीचा दाखला द्यावा लागतो, सरकारी पेन्शनरांना नोव्हेंबरात. मोबाइलवर चेहरा दाखवूनही तो देता येतो. बोटांचे ठसे शेतीकामाने झिजलेले असतील तर तोच मार्ग धरा.